ठेव पावती हातात असताना वाद कसला?

पतसंस्थेतल्या ठेवीची मुदत संपली, पैसे मागायला गेल्यावर संस्थेने "पुढच्या महिन्यात बघू" म्हणत वर्ष काढले, तर ठेवीदाराने दाद कुठे मागायची? महाराष्ट्रात या साध्या प्रश्नाला एक उत्तर नाही. कोणी सहकार न्यायालयाचे नाव घेतो. ग्राहक चळवळीतले कार्यकर्ते जिल्हा ग्राहक आयोगात जायला सांगतात. सहकार खात्याचे उपनिबंधक कार्यालय अर्जावर आवकचा शिक्का मारून देते. पोलीस ठाण्यात "हा दिवाणी मामला आहे" हे वाक्य ऐकायला मिळते. संस्था मल्टिस्टेट, म्हणजे एकाहून अधिक राज्यांत काम करणारी, निघाली तर लवाद आणि सहकार लोकपाल ही आणखी दोन नावे पुढे येतात. यातला एक रस्ता ठेवीदाराने धरला, की संस्थेच्या वकिलाचा पहिला मुद्दा ठरलेला असतो: या न्यायालयाला वा आयोगाला हे प्रकरण चालवण्याचा अधिकारच नाही.

हा आक्षेप कायद्याच्या पुस्तकात गंभीर आहे, आणि असायलाही हवा. अधिकार नसलेल्या न्यायालयाने दिलेला निकाल कुचकामी ठरतो. पण ठेवीदारांच्या प्रकरणांत तो मांडला जातो तो योग्य न्यायालय सापडावे म्हणून नव्हे, कुठलेच न्यायालय लवकर सापडू नये म्हणून. माझे म्हणणे असे की कोणते न्यायालय, या चर्चेत आपण एक चुकीची गोष्ट गृहीत धरून बसलो आहोत. ती म्हणजे, इथे काहीतरी वाद आहे. संस्थेने स्वतःच्या सही-शिक्क्यानिशी दिलेल्या पावतीवर रक्कम आहे, व्याजाचा दर आहे, मुदत संपण्याची तारीख आहे. पावती खोटी आहे असे संस्था म्हणत नाही, पैसे दिले असेही म्हणत नाही. मग न्यायनिवाडा करण्यासारखे उरते काय? उरते ती फक्त वसुली. आणि कबूल केलेल्या रकमेच्या वसुलीसाठी माणसाला वर्षानुवर्षे अधिकारक्षेत्राच्या युक्तिवादात अडकवणे हा उघड अन्याय आहे.

आधी कायदा जिथे उभा आहे तिथून सुरुवात करू. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ९१ नुसार संस्थेची रचना, निवडणुका, सर्वसाधारण सभा, व्यवस्थापन आणि कामकाज यांविषयीचे वाद सहकार न्यायालयाकडे जातात, आणि कलम १६३ त्या विषयांपुरता दिवाणी न्यायालयाचा रस्ता बंद करते. प्रत्येक भांडण यात बसत नाही. डेक्कन मर्चंट्स सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने साठच्या दशकातच स्पष्ट केले होते की बँकेच्या इमारतीतल्या भाडेकरूशी असलेला तंटा हा तिच्या कामकाजाचा तंटा नव्हे. पण पतसंस्थेचे मुख्य कामच ठेवी घेणे आणि कर्ज देणे हे असल्यामुळे सभासदाची ठेव कलम ९१ मध्ये येते, यात शंका घेण्याचे कारण नाही. सभासद नसलेल्यांकडून ठेवी घेण्यावर कलम ४३ ने मर्यादा घातल्या आहेत आणि कलम ९१ मध्ये अशा व्यवहारांचाही उल्लेख आहे, म्हणून बिगर सभासद ठेवीदारालाही सहकार न्यायालयाकडे बोट दाखवले जाते.

व्यवहारात बिगर सभासद असा ठेवीदार फारसा उरतही नाही. ठेव ठेवताना काउंटरवरून जे कागद सहीसाठी पुढे सरकवले जातात, त्यांत नाममात्र सभासदत्वाचा अर्ज असतो. कलम २४ खालच्या या सभासदाला मत नाही, नफ्यात वाटा नाही, संचालक निवडण्यात भाग नाही. कायद्यातल्या सभासदाच्या व्याख्येत मात्र तो येतो. म्हणजे संस्था नीट चालू असते तेव्हा त्याला कसलाच अधिकार नसतो, आणि संस्था पैसे देईनाशी झाली की त्याला सांगितले जाते, तुम्ही तर सभासद, संस्थेचे मालक. मालक ग्राहक कसा होईल? शेवग्याच्या शेंगा विकून पिग्मी एजंटाकडे रोज पन्नास रुपये भरणाऱ्या बाईला तुम्ही या संस्थेच्या मालक आहात असे न्यायालयात ऐकवणे मला क्रूर वाटते.

हा मुद्दा सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००३ मध्ये निकाली काढला आहे. तामिळनाडूतील थिरुमुरुगन सहकारी कृषी पतसंस्थेच्या सभासदांनी भाताची पोती तारण ठेवून कर्ज घेतले होते आणि त्या पोत्यांवरून तंटा झाला. संस्थेने म्हटले, तामिळनाडूच्या सहकार कायद्यातच वाद सोडवण्याची स्वतंत्र व्यवस्था आहे, ग्राहक मंचाचा (आजच्या ग्राहक आयोगाचा) इथे संबंध नाही. सर्वोच्च न्यायालयाने ते मानले नाही. ग्राहक संरक्षण कायद्याच्या कलम ३ प्रमाणे त्यातली दाद इतर कायद्यांतल्या दादीच्या जोडीला आहे, तिच्या आड येणारी नाही, आणि पक्षकार सभासद आहेत म्हणून ग्राहक मंचाचे दार बंद होत नाही, असा तो निर्णय आहे. २०१९ च्या नव्या कायद्यातही हीच तरतूद कलम १०० म्हणून आली आहे. महाराष्ट्राचे कलम ९१ तामिळनाडूच्या तरतुदीपेक्षा तत्त्वतः वेगळे नाही.

असे असताना आजही आक्षेप घेतला जातो, त्यावर लेखी म्हणणे मागवले जाते, तारखा पडतात. कारण शोधायला फार लांब जावे लागत नाही. जिल्हा आयोगाने रक्कम परत करण्याचा आदेश दिला, की राज्य आयोगात अपील करण्यापूर्वी त्या रकमेच्या पन्नास टक्के भरावे लागतात. १९८६ च्या कायद्यात यावर पंचवीस हजारांची कमाल मर्यादा होती. २०१९ च्या कायद्याने ती काढून टाकली. निकालानंतर वेळ काढणे आता महाग पडते. निकालाआधी वेळ काढणे अजूनही फुकट आहे. अधिकारक्षेत्राचा आक्षेप त्या फुकटच्या काळात बसतो.

ग्राहक आयोगाची बाजू घेताना त्याच्या उणिवा झाकण्याचे कारण नाही. जमेच्या बाजूला बरेच काही आहे. तक्रारदार जिथे राहतो तिथे तक्रार करता येते, त्यामुळे गावाकडच्या पतसंस्थेत निवृत्तीचे पैसे ठेवून मुलाकडे पुण्याला राहायला आलेल्या आजी-आजोबांना तारखेसाठी एसटीने जिल्ह्याच्या गावी जावे लागत नाही. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी नाही. वकील लावलाच पाहिजे असे नाही. सारखीच तक्रार असलेल्या ठेवीदारांना आयोगाच्या परवानगीने एकत्र येता येते. अडचण पुढची आहे. जुन्या कायद्यात आयोग जिल्हाधिकाऱ्यांना वसुली दाखला पाठवू शकत असे आणि रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होत असे. २० जुलै २०२० पासून लागू झालेल्या नव्या कायद्यात ती वाट राहिली नाही. आयोगाचा आदेश दिवाणी हुकूमनाम्यासारखा दरखास्त करून, म्हणजे अंमलबजावणीसाठी पुन्हा अर्ज करून, अमलात आणावा लागतो. संस्थेची मालमत्ता कुठे आहे हे शोधण्याचे ओझे पुन्हा ठेवीदाराच्या डोक्यावर येते. आदेश न पाळणाऱ्याला एक महिना ते तीन वर्षे कैदेची तरतूद आहे, पण ठेवीदाराला कोणाला तुरुंगात पाठवायचे नसते, त्याला मुलीच्या लग्नाचे पैसे हवे असतात. याउलट सहकार न्यायालयाला कलम ९५ खाली निकालाआधीच मालमत्ता जप्त करण्याचा स्पष्ट अधिकार आहे. संस्थेची जागा, वाहने विकली जात असल्याची कुणकुण लागली असेल, तर तो रस्ता अधिक उपयोगाचा ठरू शकतो. तेव्हा हे न्यायालय चांगले आणि ते वाईट असा माझा दावा नाही. निवड ठेवीदाराची असावी आणि एकदा केलेल्या निवडीवरून त्याला अडवू नये, एवढेच मला म्हणायचे आहे.

पण निवडीच्या या स्वातंत्र्यानेही मूळ दुखणे जात नाही. ते दिसते कर्जदाराच्या बाजूने पाहिल्यावर.

पतसंस्थेचे कर्ज थकले तर संस्था काय करते? ती दावा लावत बसत नाही. कलम १०१ खाली निबंधकाकडे अर्ज करते, थकबाकीचा उतारा जोडते, निबंधक चौकशी करून वसुली दाखला देतो. तो दाखला थकबाकीचा निर्णायक पुरावा मानला जातो. मग कलम १५६ आणि १९६१ च्या नियमांतला नियम १०७ यांच्या आधारे वसुली अधिकारी जप्ती आणि लिलावापर्यंत जाऊ शकतो. कर्जदाराला दाखल्याविरुद्ध कलम १५४ खाली पुनरीक्षण (वरच्या अधिकाऱ्याकडून फेरतपासणी) करायचे असेल तर आधी निम्मी रक्कम भरावी लागते. ही व्यवस्था कडक आहे, पण तिच्यामागचे कारण मला पटते. संस्थेचा पैसा म्हणजे ठेवीदारांचा पैसा, तो लवकर परत यावा, त्यासाठी न्यायालयीन दिरंगाई नको.

तोच पैसा ठेवीदाराने मागितला की मात्र झटपट दाखला मिळत नाही. कर्जदाराची थकबाकी कागदावरून सिद्ध होते, ठेवीदाराचे येणे मात्र पावती असूनही वाद ठरते. कर्जाच्या हिशेबात निदान गुंतागुंत असते: हप्ते, दंडव्याज, जामीनदार, मध्येच बदललेला व्याजदर. ठेवीच्या पावतीत गुणाकारापलीकडे काही नसते. जे प्रकरण सोपे, त्याला लांबचा रस्ता आणि जे अवघड, त्याला जवळचा, अशी ही मांडणी आहे. ठेवीदाराच्या नावाने उभारलेल्या कायद्यात ठेवीदारच शेवटच्या रांगेत उभा आहे.

म्हणून माझी मागणी कलम १०१ उलट्या दिशेनेही चालवण्याची आहे. मुदत संपलेल्या ठेवीची पावती आणि संस्थेकडे केलेल्या लेखी मागणीची पोच जोडून ठेवीदाराने तालुक्याच्या निबंधकाकडे अर्ज करावा. संस्थेला नोटीस जावी आणि तिला थोड्या, ठरलेल्या मुदतीत उत्तर देता यावे. ते उत्तरही मोजक्याच मुद्द्यांवर चालावे: पावती बनावट आहे, किंवा रक्कम आधीच दिली आहे, किंवा ठेव कर्जाला तारण आहे. प्रत्येक मुद्द्यासोबत कागद हवा. कागद नसेल तर निबंधकाने वसुली दाखला द्यावा आणि त्याविरुद्ध पुनरीक्षण करणाऱ्या संस्थेला निम्मी रक्कम भरण्याची तीच अट असावी जी आज कर्जदाराला आहे. कागद असेल, म्हणजे खरोखर वाद असेल, तर ठेवीदाराने सहकार न्यायालय किंवा ग्राहक आयोग निवडावा आणि तिथे अधिकारक्षेत्राचा आक्षेप घेता येऊ नये. अधिकारक्षेत्राचा घोळ अशा प्रकारे थोड्याच प्रकरणांपुरता उरेल.

यावर सगळ्यात वजनदार आक्षेप सहकार क्षेत्रातूनच येईल, आणि तो प्रामाणिक आहे. पतसंस्थेचा पैसा कर्जात गुंतलेला असतो. चार ठेवीदारांनी दाखले मिळवून वसुली सुरू केली की बातमी गावभर होईल, सगळेच रांगेत उभे राहतील आणि सावरू शकली असती अशी संस्थाही बुडेल. शिवाय ज्याच्याकडे माहिती आणि ओळख आहे तो आधी पैसे काढून घेईल, आणि पिग्मी भरणारी बाई मागे राहील. दुसरा भाग मला पहिल्यापेक्षा जास्त छळतो. आजही नेमके हेच घडते: अध्यक्षांच्या नातेवाइकांच्या ठेवी वेळेत परत जातात आणि बाकीच्यांना तारीख मिळते. दाखल्याची वाट निदान सर्वांना सारखी आणि उघड असेल. तरी आक्षेपाचे उत्तर द्यायलाच हवे, आणि ते कायद्यात आधीच आहे. संस्था खरोखर देणी भागवू शकत नसेल तर तिने तसे सांगावे. निबंधकाने कलम १०२ खाली ती अवसायनात काढावी, म्हणजे गुंडाळायला घ्यावी, अवसायक नेमावा आणि त्या तारखेपासून वैयक्तिक दाखले थांबून सगळी येणी एका यादीत यावीत, लहान ठेवीदार त्यात आधी. पण जी संस्था अवसायनात नाही, नव्या ठेवी स्वीकारते आहे, जिच्या दारावर वाढीव व्याजदराचा फलक आहे, तिला जुन्या ठेवीदारापुढे अडचणीचे कारण सांगता येणार नाही. संस्था एकाच वेळी सक्षमही आणि अगतिकही असू शकत नाही.

दुसरा आक्षेप उपनिबंधक कार्यालयावरच्या विश्वासाचा. अनेक संस्थांचे अध्यक्ष स्थानिक पुढारी असतात, लेखापरीक्षणातले दोष वर्षानुवर्षे फायलीत राहतात, आणि त्याच कार्यालयाला मी हा अधिकार द्या म्हणतो आहे. शंका रास्त आहे. पण हेच कार्यालय आज कर्जदारांविरुद्ध दाखले देते आणि त्यांवर लिलाव होतात. तिथे त्याची क्षमता आणि सचोटी पुरेशी वाटत असेल तर इथे का नाही? मुदत घालून द्यावी, आदेश लेखी आणि कारणांसह असावा, आणि मुदतीत निर्णय झाला नाही तर ठेवीदाराला पुढचा रस्ता मोकळा असावा. विवेकाधिकार जितका कमी, तितकी दबावाला जागा कमी. मोजक्या मुद्द्यांची अट मी त्यासाठीच घातली आहे.

मल्टिस्टेट संस्थांचे ठेवीदार या सगळ्याच्या बाहेर राहतात, आणि महाराष्ट्रात त्यांची संख्या मोठी आहे. ठेवीदारांचे पैसे अडकलेली जळगावची बीएचआर असो की बीडची ज्ञानराधा, संस्था इथली, ठेवीदार इथले, पण निबंधक दिल्लीचा. २००२ च्या केंद्रीय कायद्याचे कलम ८४ असे वाद केंद्रीय निबंधकाने नेमलेल्या लवादाकडे पाठवते. कायद्यानेच लवाद सांगितला आहे, मग ग्राहक आयोग कसा, असा सवाल इथे केला जातो. याचे उत्तर दूरसंचार क्षेत्रातून मिळते. जुन्या टेलिग्राफ कायद्याच्या कलम ७ब मध्येही कायद्यानेच लवाद सांगितला होता, आणि तरीही ग्राहक आयोगाचा अधिकार जात नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२२ मध्ये व्होडाफोन आयडियाच्या प्रकरणात सांगितले. तोच तर्क कलम ८४ ला लागू पडतो असे मी मानतो. २०२३ च्या दुरुस्तीने कलम ८५अ खाली सहकार लोकपालाची सोय झाली. सभासदाच्या ठेवीविषयीची तक्रार त्याने तीन महिन्यांत निकाली काढायची आहे. सोय चांगली आहे, पण गेवराईच्या शेतकऱ्यापासून ती फार लांब आहे. लोकपालाच्या आदेशाची वसुली जिल्ह्यातल्या यंत्रणेने करायची असे बंधन आले, तरच तिला अर्थ येईल.

एमपीआयडी, म्हणजे ठेवीदारांच्या हितसंबंधांच्या संरक्षणाच्या राज्य कायद्याबद्दल थोडेच लिहितो, कारण तो फौजदारी कायदा आहे आणि त्याला वसुलीचे साधन समजणे ही आपली सार्वजनिक चूक आहे. १९९९ च्या या कायद्याच्या व्याख्येतून फक्त सरकारच्या मालकीच्या किंवा नियंत्रणाखालच्या सहकारी संस्था वगळल्या आहेत, त्यामुळे सर्वसाधारण पतसंस्था त्यात येतात. मालमत्ता जप्त होते, सक्षम प्राधिकारी नेमला जातो, विशेष न्यायालयापुढे काम चालते. घोटाळा असेल तर हे सगळे व्हायलाच हवे. पण तोवर संस्था रिकामी झालेली असते. ठेवीदाराने साध्या थकबाकीसाठी आधी फसवणूक सिद्ध करायची, आणि फसवणूक सिद्ध होण्याइतकी संस्था पोखरून होईपर्यंत थांबायचे, असा त्याचा अर्थ होतो. पहिल्या न दिलेल्या ठेवीवरच दाखला निघाला असता, तर यातल्या कित्येक संस्थांचे बिंग वेळेत फुटले असते.

संचालकांच्या जबाबदारीचा प्रश्नही इथेच येऊन मिळतो. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने २०१० मध्ये असे मत दिले की कलम ८८ ची, म्हणजे संस्थेच्या नुकसानीला कोण जबाबदार हे ठरवणारी, चौकशी होऊन जबाबदारी निश्चित झाल्याशिवाय संचालकांना संस्थेच्या ठेवींसाठी व्यक्तिशः जबाबदार धरता येत नाही. कायदेशीर तत्त्व म्हणून ते समजण्यासारखे आहे. संस्था वेगळी, संचालक वेगळे. पण ठेवीदाराला याचा फटका असा बसतो की हातात आदेश असतो आणि समोर कुलूप लावलेले कार्यालय. म्हणून ठरावीक संख्येपेक्षा जास्त दाखले थकले, की कलम ८८ ची चौकशी आपोआप सुरू व्हावी, कोणाच्या अर्जाची वा मंत्र्यांच्या इच्छेची वाट न पाहता.

हे सगळे पतसंस्थांसाठी अधिक निकडीचे आहे, कारण तिथे ठेव विमा नाही. सहकारी बँक बुडाली तर ठेव विमा महामंडळाकडून पाच लाखांपर्यंत रक्कम मिळते. ही मर्यादा फेब्रुवारी २०२० मध्ये एक लाखावरून वाढली. पतसंस्थेच्या ठेवीदाराला त्यातला एक रुपयाही मिळत नाही, आणि पाटीवर 'सहकारी' वाचून आत जाणाऱ्या अनेकांना हा फरक ठाऊक नसतो. विमा नसलेल्या माणसाकडे वेळेत होणारी वसुली हेच एकमेव संरक्षण उरते.

राज्याच्या पतसंस्थांपुरती ही दुरुस्ती करायला केंद्राकडे बघण्याची गरज नाही. सहकारी संस्था हा राज्यसूचीतल्या नोंद ३२ मधला विषय आहे, आणि सहकारी संस्थांविषयीच्या सत्याण्णवाव्या घटनादुरुस्तीवरच्या २० जुलै २०२१ च्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने राज्यांचा हा अधिकार पुन्हा अधोरेखित केला आहे. कलम १०१ ला ठेवीदारासाठी एक पोटकलम, कलम ९१ ला ग्राहक आयोगाचा मार्ग अबाधित असल्याचे एका ओळीचे स्पष्टीकरण, आणि कलम १५४ मधली निम्म्या रकमेची अट संस्थेलाही लागू करणे, एवढेच काम आहे. विधिमंडळाच्या एका अधिवेशनात ते होऊ शकते. पतसंस्थांच्या फेडरेशनांशी सहकार खाते नेहमी चर्चा करते. या विधेयकाच्या मसुद्यासाठी पैसे अडकलेल्या ठेवीदारांच्या संघर्ष समित्यांनाही त्याने त्याच टेबलावर बोलवावे.